वळखीचं एकच पान

पुण्याहून निघालो तेव्हा आईने दारात येऊन निरोप दिला, "जपून जा हो, मास्तर." वर्षभर मी तिच्या लेखी कधी मास्तर, कधी डॉक्टर, कधी वरच्या मजल्यावरचा बिऱ्हाडकरू होतो. मुलगा मात्र नव्हतो. मी शाळेत वनस्पतिशास्त्र शिकवतो आणि जडीबुटीवर माझा कवडीचा विश्वास नाही. पण आमच्या शाळेचा शिपाई सांगत होता, "काष्टीकडं वळखी नावाचं झाड हाय. त्याचं पान खाल्लं की इसरल्याली मानसं वळखू येत्यात." बुडत्याला काडीचा आधार म्हणतात. मी सुट्टी काढली.

दौंडला गाडी बदलली. भीमेच्या पात्रात नुसती वाळू होती. काष्टीला उतरलो तो नेमका बाजाराचा दिवस निघाला, पण सगळे विकणारेच, घेणारा कोणी दिसेना. दुष्काळाने बैलांच्या बरगड्या वर आल्या होत्या. वळखीचा पत्ता विचारावा तर एकजण उगवतीकडे बोट दाखवी, दुसरा मावळतीकडे, आणि खात्री दोघांनाही सारखीच! तीन मैल उलट्या दिशेने चाललो, तेवढेच परत आलो आणि दुपार कलताना माळावरच्या एका वाडीत पोचलो. तिथे गयाबाई भेटल्या. सत्तरीच्या, काटक, आणि त्या झाडाच्या राखणदार.

त्यांनी आधी पाणी दिले. मग मिलोची (रेशनवर मिळणारी परदेशी तांबडी ज्वारी) भाकरी आणि ठेचा. भाकरी चिवट होती, पण इतक्या अगत्याने वाढली की दुसरीही खाल्ली.

झाड बांधाच्या आडोशाला, बोरीच्या काट्यांच्या कुंपणात होते. उंची वीतभर. खोड तुळशीसारखे चौकोनी, म्हणून मी त्याला तुळशीच्या कुळात घातले. पानाच्या शिरा गवतासारख्या सरळ, म्हणून लगेच बाहेर काढले. उन्हात बाकीची पाने गेलेली, उरले होते एकच. मी डावीकडे सरकलो तसे ते डावीकडे वळले. उजवीकडे गेलो, तिकडे वळले. वाऱ्याचा पत्ता नव्हता. चष्मा पुसून पाहिले, तरी तेच.

"बगतंय, कोन आलंय ते," गयाबाई म्हणाल्या. जशी काही शेजारीण डोकावत होती.

संध्याकाळी झाडाला आवतन (आमंत्रण) द्यावे लागते. हळदकुंकू, चार तांदूळ वाहून 'उद्या अमक्यासाठी तुला न्यायला येतो' असे सांगायचे. मी आजूबाजूला कोणी नाही हे पाहून आईचे नाव घेतले. मला स्वतःचीच लाज वाटत होती.

"सकाळी तुमी हात लावायचा न्हाई," गयाबाईंनी बजावले. "परक्या मानसानं खुडायचं. शेजारचा रामभाऊ दुष्काळी कामावर खडी फोडायला जायच्या आदी यील."

उजाडले. रामभाऊ काही येईना. माझी गाडी चुकायला आली होती. वीस वर्षे मी वनस्पतींचे नमुने गोळा करतोय आणि दुसऱ्याच्या हातून कधी पानही खुडू दिलेले नाही. लोक चिरडतात. सवयीने दोन बोटे पुढे गेली आणि पान हातात आले.

गयाबाईंनी ते माझ्या हातात पाहिले.

"मास्तर, काय केलंत ह्ये? पान खानाराला वळख येती ती खुडनाराची जाती. रामभाऊला तुमची आई ठावंच न्हाई, त्येचं काय जानार हुतं? आता तुमची आई तुमाला वळखंल, आन् तुमी तिला न्हाई."

"आणि बाकीच्यांना?"

"बाकी समदी वळखाल. ती तेवडी जाईल. पर तिनं पान खाल्ल्यावर. टाकून द्या, आजून येळ हाय. पाऊस झाला की नवं फुटंल."

"पाऊस कधी होईल, आजी?"

त्यांनी वर कोरड्या आभाळाकडे पाहिले.

पान रुमालात घेऊन मी गाडीत बसलो. असले काही होत नसते, असे मनाशी म्हणत वही काढली आणि आईविषयी आठवेल ते लिहीत सुटलो. डाव्या मनगटावर तव्याचा डाग. शिंक आली की 'राम राम' म्हणते. माझ्या आजारपणात सात रात्री जागली. विश्वास नाही, तर हे लिहितोस कशाला? दौंड गेले, पुणे आले, तरी मी लिहीतच होतो. दोनदा रुमाल खिडकीबाहेर धरला आणि दोनदा आत घेतला. खरे सांगतो, मला भीती वाटत होती.

घरी पोचलो. आईने विचारले, "कोण पाहिजे आपल्याला?" मी पान तिच्या हातावर ठेवले.

तिने ते चावले. माझ्याकडे पाहत राहिली. मग ओरडली, "बाळू! अरे, किती वाळलास!" आणि गळ्यात पडून रडू लागली.

एक वृद्ध बाई माझ्या गळ्यात पडून रडत होत्या. चेहरा मायाळू होता. पण कोण, काही केल्या कळेना. मी गोंधळून बायकोकडे पाहिले. ती म्हणाली, "अहो, असं काय करताय? आई आहेत!"

आईविषयी वर जे लिहिले आहे ते वहीवरून आणि बायकोला विचारून. अक्षर माझे आहे, म्हणून खरे मानतो. गयाबाईंचे घर, ती भाकरी, तो माळ मला लख्ख आठवतो, आणि शेजारच्या खोलीतली बाई मात्र आठवत नाही. हा कसला न्याय, मला अजून उमगलेले नाही.

रोज संध्याकाळी ती मला माझे लहानपण सांगते. काल मध्येच थांबून म्हणाली, "तुला काहीच कसं आठवत नाही रे?"

"आठवेल, आई," मी म्हणालो. 'आई' हा शब्द तोंडात अगदी परका वाटला. पण तिचा चेहरा असा काही उजळला, की मी तो पुन्हा एकदा म्हटला.