कॉडा इक्विना, मराठीत

दवाखान्यात किस्से साठतात ते कपाटात जुन्या एक्सरे फिल्म साठाव्यात तसे. न्यायला कुणी येत नाही, आणि फेकायचं म्हटलं तर प्रत्येकीवर एक नाव असतं. मी नांदेडला एका मणक्याच्या दवाखान्यात फिजिओथेरपिस्ट आहे, शनिवारी लातूरच्या एका दवाखान्यात जाते. चहाला चार माणसं जमली की म्हणतात, मॅडम, तुमच्याकडचे गमतीचे किस्से सांगा की. सांगते. पण सांगताना मला हसू कमी आणि राग जास्त येतो. आणि तो सगळा राग एकाच शब्दापाशी येऊन थांबतो. कॉडा इक्विना.

शब्द लॅटिन आहे. अर्थ, घोड्याची शेपटी. आपला मज्जारज्जू कमरेच्या जरा वरच संपतो. तिथून खाली मणक्याच्या पोकळीत नुसता नसांचा झुपका लोंबत जातो. कुणा जुन्या माणसाला तो घोड्याच्या शेपटीसारखा दिसला आणि त्यानं तेच नाव ठेवलं. या नसा पायांना जातात, लघवी-संडासच्या जागेला जातात, आणि बसताना अंगाचा जो भाग टेकतो तिथं जातात. मणक्यातली गादी सरकून या झुपक्यावर दाबून बसली की घाई करावी लागते. लवकर ऑपरेशन झालं तर आशा असते. उशीर झाला तर पाय कदाचित वाचतात, पण लघवीवरचा ताबा गेला तो बऱ्याचदा गेलाच.

एवढंच. सांगायला दोन मिनिटं लागतात. ती दोन मिनिटं कुणाकडं नसतात.

*

मुदखेडकडचे एक गुरुजी होते. हायस्कूलला इंग्रजी शिकवायचे. कंबर दुखायला लागली म्हणून बाहेर कुठंतरी एमआरआय काढला. तीन दिवसांनी आमच्याकडं आले ते बायको, दोन मुली आणि मेहुणा यांना घेऊन. सगळ्यांचे डोळे सुजलेले. गुरुजी स्वतः मात्र जिन्यानं दोन मजले चढून आले होते आणि त्यांना दमसुद्धा लागला नव्हता.

त्यांनी रिपोर्ट टेबलावर ठेवला. एका ओळीखाली लाल पेनानं रेघ मारली होती. ‘कॉडा इक्विना अनरिमार्केबल.’

गुरुजींनी पहिले दोन शब्द मोबाईलवर शोधले होते. तिथं त्यांना लुळे पडलेले पाय आणि नळ्या लावलेली माणसं दिसली होती. तिसरा शब्द शोधायची त्यांना गरज वाटली नाही. इंग्रजी त्यांचाच विषय.

मी समजावलं की रिपोर्टाच्या भाषेत त्याचा अर्थ ‘सांगण्यासारखं काही नाही’, म्हणजे सगळं ठीक आहे. गुरुजींनी कागद उचलून ती ओळ पुन्हा वाचली.

“मॅडम, बावीस वर्षं झाली मी इंग्रजी शिकवून राहिलो,” ते म्हणाले. “मला वाटलं, आता बोलण्यासारखं काही उरलंच न्हाई.”

इथपर्यंत सांगितलं की लोक हसतात. पुढचं ऐका. त्या तीन दिवसांत गुरुजींनी थोरल्या मुलीचं लग्न ठरवून टाकलं होतं. बाप पायावर उभा आहे तोवर उरकून घ्यावं म्हणून. पोरगी बीएस्सीच्या दुसऱ्या वर्षाला होती. काही महिन्यांनी गुरुजी व्यायाम शिकायला आले तेव्हा मी विचारलं, ते लग्न थांबवलंत ना? ते म्हणाले, “कसं थांबवणार? शब्द दिला होता.”

ज्या माणसानं त्यांच्या हातात ते पाकीट दिलं त्यानं एक वाक्य बोलायला हवं होतं. एकच.

*

आमचे सर्जन चौधरी सर. हातानं कमालीचे कुशल, स्वभावानं सरळ. एकदा त्यांनी ठरवलं की डिस्चार्ज कार्डावर आजाराचं नाव मराठीतच लिहायचं. मला आनंद झाला होता. मी सगळ्यांना सांगत सुटले होते की आमच्याकडं असं असतं.

त्यानंतर देगलूरकडचा एक ट्रॅक्टर चालवणारा तरुण टाके दाखवायला आला. सोबत त्याची आई. शर्ट वर केला तर कमरेला काळ्या केसांची वेणी करकचून बांधलेली, आणि ती बरोबर टाक्यांवर घासत होती. टाके लाल झाले होते, एका ठिकाणी पाणी सुटलं होतं. लग्नात घोडा देणाऱ्या माणसाकडं जाऊन आईनं शेपटीचे केस मागून आणले होते.

मी त्या बाईला नको नको ते बोलले. शिकलेला मुलगा आहे, तुम्हाला कळत नाही का, जखम पिकली असती तर काय केलं असतं. बाईनं पिशवीतून कार्ड काढून माझ्या हातात दिलं. त्यावर आमच्याच रेसिडेंट डॉक्टरच्या अक्षरात लिहिलं होतं, ‘घोड्याच्या शेपटीचा आजार.’

“तुमीच लिवून दिलं,” ती म्हणाली. “मी तिघांकडून वाचून घेतलं. दुसरा अर्थ सांगायला कुणी थांबलं व्हतं का?”

मी कात्रीनं वेणी कापली, जखम धुतली, तिची माफी मागितली. नंतर त्या रेसिडेंटला गाठून अर्धा तास झापलं. त्यानं शांतपणे ऐकलं आणि विचारलं, “पण मॅडम, भाषांतर बरोबर आहे ना?”

*

याच रेसिडेंटचा दुसरा किस्सा. तो वाईट माणूस नाही. पुस्तक जसं शिकवतं तसा तो वागतो, आणि माझा राग पुस्तकावरच आहे.

मुखेडकडून गयाबाई नावाची बाई आली. पंचेचाळिशीची असेल. कापूस वेचायला जाणारी. कंबर वर्षभर दुखत होती, चार दिवसांपासून दोन्ही पायांत कळा येत होत्या. सोबत मुलगा आणि दीर. हा आजार ओळखायची एक खूण पुस्तकात दिलेली असते. घोड्यावर बसताना खोगिराला अंगाचा जो भाग टेकतो तो बधिर होतो. रेसिडेंटनं भर ओपीडीत, दहा माणसांसमोर विचारलं, “खोगिराच्या जागेला बधिरपणा वाटतो का?”

गयाबाईनं मुलाकडं बघितलं. मग म्हणाली, “आमच्याकडं घोडं न्हाई, साहेब.”

त्यानं कागदावर लिहिलं, तक्रार नाही. आणि तिला व्यायामासाठी माझ्याकडं पाठवून दिलं.

ती टेबलावर ज्या पद्धतीनं बसली ते मला आवडलं नाही. दोन्ही हातांनी चाचपून, खाली काय आहे याची खात्री करून बसली. मी मुलाला आणि दिराला बाहेर काढलं, पडदा ओढला आणि विचारलं, “बाई, पाटावर बसल्यावर बुडाला पाट लागतो का?”

“न्हाई की,” ती लगेच म्हणाली. “परवापासून कळंनाच. पाट हाय का भुई हाय.”

“आणि लघवी?”

तिनं मान खाली घातली. कालपासून झालीच नव्हती. पोट तट्ट फुगलं होतं. “पोराम्होरं अन् दिराम्होरं हे कसं सांगू, बाई?”

मी चौधरी सरांना ओपीडीतून उठवून आणलं. तासाभरात एमआरआय झाला आणि त्याच दुपारी ऑपरेशन. गयाबाई आज चालते. लघवीचं पूर्णपणे सुधारलं नाही. ती दोन दिवस आधी आली असती आणि कुणी नीट विचारलं असतं तर सुधारलं असतं का, हे मला माहीत नाही. तिनंही मला तेच विचारलं होतं आणि मी तिला हेच उत्तर दिलं.

त्या आठवड्यात मी एका मोठ्या पुठ्ठ्यावर तो प्रश्न लिहिला आणि ओपीडीच्या भिंतीवर लावला. ‘बसल्यावर बुडाला पाट लागतो का? लघवी अडली आहे का? लगेच सांगा, लाजू नका.’ चौधरी सर थबकले, वाचलं, आणि मला बाजूला घेऊन म्हणाले की मॅडम, हेतू चांगला आहे, पण तो ‘बूड’ शब्द भिंतीवर बरा दिसत नाही.

मी म्हटलं, “सर, लॅटिनमधली शेपटी आपल्याला चालते, मग मराठीतलं बूड का चालत नाही?”

पुठ्ठा अजून आहे.

*

लातूरला माझी भाची ऋतुजा होस्टेलवर राहून मेडिकलच्या प्रवेशपरीक्षेची तयारी करते. एका शनिवारी मी लातूरला असतानाच दुपारी तिचा फोन आला. तिच्या खोलीतली अमृता, उदगीरची, गुरुवारी जिन्यावरून पाठीवर आपटली होती. काल रात्रीपासून तिला लघवीला होत नव्हतं. वॉर्डनबाईंचं म्हणणं होतं की परीक्षा जवळ आली की पोरींना असलं होतंच, पाणी पी आणि पड.

मी रिक्षा करून पोचले. अमृता भिंतीला धरून उभी होती. बस म्हटलं तर म्हणाली, “बसलं काय अन् उभं राहिलं काय, सारखंच वाटायलंय.” पायांत मुंग्या, पोट फुगलेलं. मी वॉर्डनबाईंना सांगितलं की हिला आत्ता हलवायचं. त्यांनी रजिस्टर पुढं केलं. पालकांच्या सहीशिवाय मुलगी गेटबाहेर जाणार नाही. मी त्या रजिस्टरात माझं नाव, माझा फोन नंबर आणि ‘नाते’ या रकान्यात ‘आई’ लिहिलं, आणि पोरीला रिक्षात घातलं. खरे आईवडील वाटेतच होते, ऋतुजानं त्यांना आधीच कळवलं होतं.

रिक्षात मी तिला बोलतं ठेवायचं म्हणून सांगत होते की घाबरू नकोस, कण्याच्या खाली नसांचा एक झुपका असतो. ती मध्येच म्हणाली, “कॉडा इक्विना. आज सकाळच्या टेस्टला होता.”

मी विचारलं, काय होतं?

“‘हा शब्द शरीराच्या कोणत्या भागाशी संबंधित आहे?’ चार पर्याय होते. माझं बरोबर आलं. सर म्हणले, हा आला तर चार मार्क फुकटचे.”

सकाळी तीन तास ती टेस्टच्या बाकावर बसली होती. बाक तिला लागत नव्हता.

संध्याकाळी ऑपरेशन झालं. तीन आठवड्यांनी सगळं पूर्ववत झालं. तिचं नशीब. त्या क्लासच्या सरांना मी नंतर फोन केला होता. ते म्हणाले, “मॅडम, आम्ही पोरांना कॉन्सेप्ट क्लिअर करूनच देतो.”

*

किनवटकडच्या एका आश्रमशाळेत वाघमारे सर वसतिगृहाचे अधीक्षक होते. वडील शेतमजूर. घरात नोकरीला लागलेले हे पहिले. धान्याची पोती उतरवून घेताना त्यांच्या कमरेत कळ गेली. आमच्यापर्यंत पोचायला त्यांना तीन दिवस लागले. ऑपरेशननंतर पाय आले, ताबा आला नाही. दर चार तासांनी स्वतःच्या हातानं नळी घालून लघवी काढायची, हे मी आणि सिस्टरनी त्यांना शिकवलं. ते दोन दिवसांत शिकले. तक्रार नाही.

शाळेत धड संडास नव्हता, पाणी हापशाचं. नळी स्वच्छ नसली की ताप यायचा. त्यांना बदली हवी होती, त्यासाठी अपंगत्वाचं प्रमाणपत्र. सरकारी दवाखान्यातल्या तपासणीतून दोनदा ते तसेच परत आले होते. ‘चालता येतं’ असा शेरा. तिसऱ्या वेळी मी फाइल घेऊन सोबत गेले.

दोन तास बाकावर बसवल्यावर आत बोलावलं. प्रमाणपत्र देणाऱ्या साहेबांनी वर बघितलं. “चालत आलात की. मग अपंगत्व कुठं हाय?”

मी सांगायला लागले. त्यांनी हातानं थांबवलं. कॉडा इक्विना हा शब्द त्यांनी फाइलमध्ये बोट ठेवून वाचला आणि म्हणाले, “ह्यो काही आमच्या यादीत दिसत न्हाई. मला दिसंल असं काही असंल तर दाखवा.”

वाघमारे सरांनी घड्याळ बघितलं. पिशवी उघडली. धुतलेला पांढरा रुमाल साहेबांच्या टेबलावर पसरला. त्यावर हातमोजे ठेवले, जेलीची ट्यूब, प्लास्टिकची बाटली, आणि पाकिटातली नळी.

“हे काय?” साहेबांनी विचारलं.

“चार तास झाले, साहेब. त्यातले दोन तुमच्या दारात गेले. आता मला लघवी काढायचीय.”

“इथं?”

“तुमच्या संडासला कुलूप हाय. चावी कुणाकडं हाय ते मी मघाशी विचारलं, कुणाला म्हाईत न्हाई.” सर हातमोजे घालायला लागले. “तुमाला बघायचं व्हतं. बसा.”

साहेब उठले. मीही उठले. आम्ही दोघं बाहेर आलो आणि दार साहेबांनी स्वतः ओढून घेतलं. कडी आतूनच होती आणि सरांचे हात मोज्यांत होते, म्हणून साहेब मूठ धरून उभे राहिले. व्हरांड्यात पन्नासेक माणसं रांगेत होती. सगळे त्यांच्याकडं बघायला लागले. शिपाई कागद घेऊन आला आणि दाराला हात घालायला गेला, तर साहेबांनी त्याचा हात धरला.

“आत कोण हाय, साहेब?” शिपायानं विचारलं.

साहेबांनी मूठ आणखी घट्ट धरली. मग म्हणाले, “वाघमारे सर हायत.”