सगळ्यात लांब कोण बसायचं?

वसुधाताई कोणाच्याही घरात शिरल्या की आधी विचारायच्या, "पहिला टीव्ही कुठं ठेवला होता?" जागा दाखवली की तिच्याकडं बघायच्याही नाहीत. "डबा सगळीकडं सारखाच हो. माणसं कुठं बसायची ते दाखवा," म्हणत सगळ्यात लांबच्या कोपऱ्यात फतकल मारायच्या. साठी ओलांडलेली बाई, गुडघे कुरकुरायचे, पण खुर्ची दिली तर चक्क रागवायच्या.

खेड्यांत टीव्ही कसा आला यावर त्या माहितीपट करत होत्या. आता त्या नाहीत. भोर-वेल्ह्याची गावं दाखवायला मी त्यांच्याबरोबर हिंडलो आणि मोठ्या ऐटीत त्यांना मार्गासनीला आमच्या घरी नेलं. गावातला पहिला टीव्ही आमचा. आपण टीव्हीवर येणार, हे माझ्या वडिलांनी, आबांनी, आठवडाभर गावभर सांगून ठेवलं होतं. धुतलेला फेटा बांधून ते कॅमेऱ्यासमोर बसले.

"समदा गाव हितंच बसायचा. म्या कुनालाबी न्हाई म्हनलं न्हाई."

"सगळ्यात लांब कोण बसायचं?" ताईंनी विचारलं.

लांब-जवळ असं काही नव्हतंच, असं आबा म्हणाले आणि माझ्याकडं पाहिलं. मी लगेच मान डोलावली. चहा घेऊन आलेली आई मात्र दारातच थांबली.

"न्हाई म्हनलं न्हाई, पन या बी म्हनलं न्हाई," ती म्हणाली. "बौद्धवाडीतली मान्सं गोठ्यापाशी उबी ऱ्हायची."

मला कुठं तोंड लपवू असं झालं. ताईंनी आवाज चढवला नाही. आबांना नको असेल तर आईचं बोलणं त्या वापरणार नव्हत्या, पण मग आबांचंही वापरणार नव्हत्या. एवढं सांगून त्या निवांत चहा पीत बसल्या. घाई करणं त्यांच्या स्वभावातच नव्हतं.

बऱ्याच वेळानं आबा उठले आणि गोठ्यापाशी जाऊन उभे राहिले. कॅमेरा मागोमाग गेला. तिथून, टीव्ही असायचा त्या सोप्याच्या दाराकडं ते एकटक बघत होते.

"हितनं तर काईच दिसत न्हाई," ते म्हणाले. "नुसतं ऐकाया येत आसंल."

निघताना गाडीत बसल्यावर मी ताईंची माफी मागितली. मान डोलावल्याचं मनात सलत होतं.

"माझी कशाला मागता? मी पाहुणी," त्या म्हणाल्या. "त्या गोठ्यापाशी तुमच्या ओळखीचं कोणी असायचं?"

विलास असायचा, मी सांगितलं. दहावीपर्यंत आम्ही एका बाकावर बसलो. अजून वाडीतच राहतो.

"मग चला. घर कुठलं त्याचं?"

मी गाडी वाडीच्या तोंडाशी नेली आणि तिथंच थांबवली. समोर पंधरा-वीस घरं होती. त्यातलं विलासचं कुठलं, हे मला सांगता येईना.