आरशावरचा नट

उस्मानपुऱ्यातल्या आमच्या सलूनवाल्यांच्या आरशावर इंडोनेशियातल्या एका जुन्या नटाचा फोटो आहे. वेरूळ बघायला आलेला त्या नटाचा नातू इथं दाढी करून घेऊन, फोटो देऊन गेला. तेव्हापासून प्रत्येक गिऱ्हाइकाला त्या नटाची कारकीर्द ऐकावी लागते. उजवा गाल होईस्तोवर तो नाटकात पडदा ओढत असतो, डाव्या गालाला सिनेमात हिरो होतो. वस्तरा गळ्याशी असल्यानं शंका कुणी काढत नाही.

मी एकदा उजवा गाल झाल्यावर काढली. "त्याचा एक तरी सिनेमा पाहिलाय का?"

त्यांनी वस्तरा मिटला. "एकबी शिल्लक नाय. तुम्ही पाहिलाय?"

"नाही."

"मग तुम्हाला काय म्हायती, कसला भारी होता ते!"

माझा डावा गाल फेसातच होता.

"लई मोठा नट," मी म्हणालो.

त्यांनी टॉवेलनं आधी फोटोचं तोंड पुसलं, मग वस्तरा उघडला.