नसलेल्या खांबाला वळसा

विभा गेल्याचा फोन आला तेव्हा मी कचेरीत डबा उघडून बसलो होतो. सिकंदराबादला रेल्वेच्या ज्या इमारतीत मी गेली वीस वर्षं बसतो, तिथे दुपारी एकला सगळ्यांचे डबे एकदम उघडतात. फोन विभाच्या आईचा, म्हणजे काकूंचा होता. "सुधीर, आपली विभा सकाळी गेली. डोकं दुखतंय म्हणाली आणि मोरीपाशीच पडली. दवाखान्यात नेईपर्यंत..." मी 'येतो' म्हटलं, फोन ठेवला आणि डबा संपवला. भेंडीची भाजी होती. पोळीच्या शेवटच्या तुकड्याने मी भांडं पुसून घेतलं, हे मला स्वच्छ आठवतं. शेजारच्या टेबलावरच्या बाईंनी विचारलं, कुणाचा फोन? 'ओळखीतली एक वारली,' म्हणालो. मग साहेबांना सांगून निघालो, नारायणगुड्याला तिच्या घरी गेलो, खांदा दिला, घरी येऊन आंघोळ केली. याला आता सहा आठवडे झाले. मला अजून रडू आलेलं नाही. पायाला मुंग्या आल्यावर तो आपला आहे की नाही कळत नाही, तसं काहीसं चाललंय.

ओळखीतली एक, म्हणजे सात वर्षं जिचा हात धरून मी बर्फावर नाचलो ती. हे वाक्य आमच्या कचेरीत कुणाला सांगितलं तर लोक माझ्या पोटाकडे बघून हसतील, आणि त्यांचं काही चुकणार नाही. पण खरं आहे. मी काचीगुड्याचा, ती नारायणगुड्याची. दोघं लहानपणी एकाच बागेत, सिमेंटच्या गोल मैदानावर चाकांचे स्केट्स घालून पडत होतो. शिकवायला सलीमसर होते, उंच, सडपातळ, सदा पान चघळणारे. आम्ही कॉलेजात गेलो त्या सुमारास शहरातल्या एका मॉलमध्ये बर्फाचं छोटं मैदान झालं आणि सरांनी आम्हा दोघांना तिथे उभं केलं. आइस डान्स ते स्वतःही कॅसेट बघूनच शिकले होते. मी कठडा सोडायला तयार नव्हतो. सर म्हणाले, "मियाँ, बरफ कू डरना नक्को. बरफ तुमकू पैचानताच नहीं." विभा तोवर एक फेरी मारून आली होती.

या खेळात उड्या नाहीत, बाईला डोक्यावर उचलून फेकणं नाही. दोघांनी एका जिवाने सरकायचं आणि हात सोडायचा नाही, यातच निम्मा खेळ आला. बाई पुष्कळ वेळ पाठीकडे सरकत असते, म्हणजे पुढची वाट तिला दिसत नाही. ती बघायची जोडीदाराने. विभा मागे मान वळवून कधी बघायची नाही. मी एकदा विचारलं होतं, भीती नाही वाटत? तर म्हणाली, "तू बघतोयस ना? मग मी कशाला परेशान होऊ?" आमच्या दोन्ही घरांत या हात धरण्यावरून काही वर्षं बराच विचार झाला. माझ्या आईने तर पत्रिकाही काढून ठेवली होती. पण त्यात तसलं काही नव्हतं. जे होतं त्याला मला अजून नाव सापडलेलं नाही.

आता त्या मैदानाचं सांगितलं पाहिजे. मॉलवाल्यांनी ते तळमजल्यावर जागा मिळेल तसं बसवलं होतं, आणि बरोबर मध्ये इमारतीचा एक खांब होता. कुणी आपटू नये म्हणून त्याला निळी गादी गुंडाळलेली. आम्ही सकाळी मॉल उघडण्याआधी मालाच्या गाड्या येतात त्या फाटकाने आत जायचो, आणि सातपासून दोन तास त्या खांबाभोवती नाचायचो. आमचा सगळा नाच त्याच्या भोवतीच बसला होता. सोळा पावलं, खांबाला वळसा, पुन्हा सोळा पावलं. पहिल्यांदा देशपातळीच्या स्पर्धेला निघालो तेव्हा सरांनी शाळेच्या पटांगणात खडूने मोठ्या मैदानाचा नकाशा काढला आणि खांब नसलेली वाट आमच्याकडून महिनाभर घोटून घेतली. स्पर्धेच्या, उत्तरेतल्या डोंगरातल्या शहरात आम्ही पोचलो आणि मैदान पाहिलं. एवढा बर्फ, आणि मध्ये काहीच नाही!

नाच सुरू झाला. सोळा पावलं झाली आणि मी वळलो. मोकळ्या बर्फावर, नसलेल्या खांबाला, व्यवस्थित वळसा घातला. विभा पाठीकडे सरकत होती, पण तिला मोजणी पाठ होती. मी चुकतोय हे तिला माझ्याआधी कळलं असणार. ती सरळ गेली असती तर तिची वाट बरोबर ठरली असती आणि आमचे हात सुटले असते. ती माझ्याबरोबर वळली. पुढेही दोनदा मी वळलो आणि दोन्ही वेळा ती वळली. पंचांपैकी एकजण हसताना मला दिसला. खालून दुसरे आलो. परतीच्या गाडीत मी खिडकीकडे तोंड करून बसलो होतो. सर कपाळाला हात लावून म्हणाले, "खांब कू भी टिकट निकालना था." विभा खूप हसली. मग माझ्या गुडघ्यावर थाप मारून म्हणाली, "तू वळलास म्हणून वळले मी. पुढच्या वर्षी दोघं सरळ जाऊ." पुढच्या वर्षी गेलो सरळ. त्याच्या पुढच्या वर्षी तिसरे आलो. पदक कसलं होतं कोण जाणे, पण गळ्यात होतं.

आणि मग मी सोडलं. रेल्वेची परीक्षा पास झालो, नेमणुकीचं पत्र आलं, घरी पेढे वाटले गेले. विभाला सांगायला म्हणून तिच्या घरी गेलो तर ती सरांकडे गेली होती. थांबलो असतो तर अर्ध्या तासात आली असती. मी जिन्यातच काकूंना म्हणालो, "तिला सांगा, सोमवारपासून मी येणार नाही," आणि पायऱ्या उतरलो. हातातले काळे हातमोजे चपलांच्या मांडणीवर विसरलो. तीन दिवसांनी तिचा फोन आला. मी रागवून घ्यायच्या तयारीत होतो. ती म्हणाली, "हातमोजे राहिलेत तुझे." मी म्हणालो, "राहू देत." बास, एवढंच. सात वर्षांचा हिशेब असा दोन शब्दांत मिटवायची अक्कल मला कुठून आली होती, देव जाणे. तेव्हा मी स्वतःला समजावत होतो की नोकरी हातची सोडू नये. नोकरी महिनाभर थांबायला तयार होती, हे मी कुणाला सांगितलं नव्हतं. मला पुन्हा कधीतरी चुकीचं वळण्याची भीती वाटत होती आणि ती सांगायची लाज वाटत होती. आज प्रथमच लिहितोय.

जोडीदार नसेल तर आइस डान्स करणारी बाई स्पर्धेत जोडीने उतरू शकत नाही. दोन वर्षं विभा मुलगे शोधत होती. आले तेही नाचायचं म्हटल्यावर पळाले. मग सरांची नजर गेली, शिकवणं त्यांना जमेना, आणि त्यांच्या हाताखालची दहा-बारा पोरं विभाने घेतली. बाकीचं मला तुकड्यातुकड्यांनी कळत गेलं, बरंचसं एखाद्या लग्नात भेटलेल्या काकूंकडून. ती शिकवण्याच्या परीक्षा देऊन आली. तिच्या मुली उत्तरेत जाऊन पदकं आणू लागल्या. ती नाच बसवायला लागली, आधी स्वतःच्या मुलांसाठी आणि मग दुसऱ्या गावच्या जोड्याही नाच बसवायला तिला बोलावू लागल्या. तिच्या प्रत्येक नाचात एक जागा असायची म्हणे. मोकळ्या बर्फाच्या मधोमध जोडी विनाकारण एक वळसा घेते, काहीतरी मध्ये उभं असल्यासारखा. लोकांना वाटायचं, ही मॅडमची खास शैली. काकू एकदा म्हणाल्या, "तिला म्हटलं, अगं काढून टाक की ते आता, लोक हसले होते. तर म्हणते, नाही काढणार. जित्याची खोड, दुसरं काय!" मी काकूंना आणखी एक गुलाबजाम आणून दिला.

आमचं बोलणं अगदीच बंद नव्हतं. दसऱ्याला, वाढदिवसाला फोन व्हायचा. पण तिचा वर्ग बघायला मी वीस वर्षांत एकदाही गेलो नाही. ती जाण्याआधी दहा-बारा दिवस तिचा फोन आला, वाढदिवस नसताना. म्हणाली, "एक काम आहे. एक इतवार सकाळी येशील?" तिच्याकडे अन्विता नावाची एक मुलगी होती, चौदा-पंधरा वर्षांची, विभाच्या मते आजवरची सगळ्यात चांगली. तिचा जोडीदार जूनमध्ये आयआयटीच्या क्लासला गेला. "ही पोरं नाच पुरा बसायच्या आत, दहावी आली की जातातच. मग पुरुषाचा भाग मीच करते, वर्षानुवर्षं. पण सुधीर, मी आत असते रे. मी बसवलेला एकही नाच मला असा पुरा, बाहेरून, आपल्या मैदानावर बघायला मिळालेला नाही. एकदा तू तिला हात दे. मी कठड्याशी बसून बघते." मी म्हणालो, अगं, माझे गुडघे... वजन... ती म्हणाली, "पडलास तर पड. बर्फ तुला ओळखत नाही." मग मी रविवारी येतो म्हणालो.

गेलो नाही. मोठं कारण असतं तर बरं वाटलं असतं. सकाळी साडेपाचला जाग आली होती. जुने स्केट्स माळ्यावरून काढलेही होते, चामडं वाळून तडकलं होतं. ते हातात घेऊन बसलो आणि वाटलं, पुढच्या रविवारी नवे घेऊनच जाऊ. निरोपही पाठवला नाही. म्हटलं, संध्याकाळी फोन करू. मग सोमवार, मंगळवार, बुधवार. गुरुवारी एक वाजता डबा उघडला...

तेराव्याला काकूंनी मला आतल्या खोलीत बोलावलं आणि एक कापडी पिशवी हातात दिली. "हे तुझेच म्हणे. रोज घालायची बघ. घेऊन जा." माझे काळे हातमोजे. अन्विता येऊन काकूंजवळ बसली होती. डोळे सुजलेले, पण धीट मुलगी. मला म्हणाली, "आप सुधीर अंकल ना? मैं इतवार कू अकेली प्रॅक्टिस करती. आप आते क्या?" या वेळी मी उत्तर देण्याआधी विचार केला नाही. हौ, येतो म्हणालो.

गेल्या महिन्यातल्या एका रविवारी त्या मालाच्या फाटकाने आत गेलो. खांब होता तिथेच आहे, गादी तेवढी आता लाल आहे. भाड्याचे स्केट्स घातले आणि पिशवीतून हातमोजे काढले. हात आत जाईना. बोटं अर्ध्यावरच अडकली. उलटे करून पाहिलं तेव्हा कळलं. पुरुषाचा भाग करताना ते तिला मोठे होत असणार. तिने आतून प्रत्येक बोट बारीक टाक्यांनी आखूड करून घेतलं होतं. दहाही बोटं. मी ते परत पिशवीत ठेवले आणि उघडा हात अन्वितापुढे केला. दोनदा पडलो. तिसऱ्यांदा सोळा पावलं जमली. खांबाला वळसा घेताना ती पाठीकडे सरकत होती आणि तिने मान वळवून पाहिलं नाही. शिकवलेलं असणार.

थांबलो तेव्हा धाप लागली होती. कठड्यापाशी एक प्लॅस्टिकची निळी खुर्ची होती, मैदानाकडे तोंड केलेली. बसायला म्हणून तिकडे जाऊ लागलो तर अन्विता म्हणाली, "वो मॅडम की है. उस इतवार कू मॅडम खुद ला के डाले. आप आते बोल के. सात से नौ तक वहींच बैठे थे, स्केट्स भी नहीं पैने. फिर बोले, अगले हफ्ते आता होगा, कुर्सी रहने दो." तिने हे मला टोचायला सांगितलं नव्हतं. तिला फक्त खुर्ची कुणाची ते सांगायचं होतं. मी कठड्याला धरून उभा राहिलो. मला लाज वाटली, दुसरं काही नाही. बर्फ थंड आहे हेही त्या दिवशी प्रथमच जाणवलं.

तेव्हापासून दर रविवारी जातो. जोडीदार मिळेपर्यंत येईन असं अन्विताला सांगितलंय. काकू म्हणाल्या होत्या त्या खोडीचं तर उलटंच झालं, विभा गेली तरी ती चालूच आहे. परवा नाच पहिल्यांदाच न अडता पुरा झाला. अन्विता कपाळावरचे केस मागे सारत म्हणाली, "अंकल, बाहर से कैसा दिखा होगा?" मी म्हणालो, "मला काय माहीत बेटा, मी तर आत होतो." दोघांनीही कठड्याकडे पाहिलं. मग तिने पुन्हा हात पुढे केला आणि आम्ही पहिल्यापासून सुरुवात केली.