मोडलेल्या कुलपाची साक्ष

"हो की नाही, एवढंच सांगा," असं कधी कोणी तुम्हाला तोंडावर म्हटलंय का? घरात म्हटलं असेल तर ते भांडण असतं, संध्याकाळपर्यंत विरून जातं. पण काळ्या कोटातला माणूस भरल्या खोलीत असं म्हणतो आणि तुमच्या पोटचं पोर समोर आरोपीच्या पिंजऱ्यात उभं असतं, तेव्हा? कुलूपकाकांना विचारा. त्यांच्या जिभेवर सगळी हकीकत होती आणि तोंडातून निघाला फक्त 'हो'. एकामागून एक 'हो'. प्रत्येक 'हो' खरा होता. आणि त्या सगळ्या खऱ्यांनी मिळून एक धडधडीत खोटं उभं केलं.

कुलूपकाकांचं दुकान म्हणजे दोन मोठ्या दुकानांच्या मधली फट. आत एक स्टूल, एक लहानशी ऐरण, भिंतभर लटकलेल्या कोऱ्या चाव्या. गिऱ्हाईक रस्त्यावरच उभं राहतं. "आत जागाच नाही, म्हणून माझ्याकडे चोरी होत नाही," असं काका म्हणायचे आणि स्वतःच हसायचे. पोरगा मिसरूड फुटल्यापासून हाताशी होता. आता चांगला बापाच्या वरताण कारागीर झाला होता, पण ते त्याच्या तोंडावर बोलायची काकांची पद्धत नव्हती.

दुकान बंद केलं की बापलेक गल्लीतून चालत घरी जायचे आणि जाता जाता प्रत्येक बंद शटरचं कुलूप एकदा ओढून बघायचे. नुसता हिसका. लागलं असेल तर पुढे. अर्धवट अडकलं असेल तर मालकाला फोन. हे कोणी सांगितलेलं काम नव्हतं. "लावणारा घाईत असतो," काका म्हणायचे, "आपल्याला कसली घाई?" गल्लीला त्याची इतकी सवय झाली होती, की समोरचा छपाईवाला चेष्टा करायचा, "काका, माझ्या बायकोलासुद्धा माझी एवढी काळजी नाही हो!"

एका संध्याकाळी काकांचा गुडघा धरला. पोरगा एकटाच निघाला. रोजच्यासारखी कुलपं ओढत गेला. घड्याळवाल्याच्या कुलपालाही हिसका दिला. छपाईवाल्याने ते पाहिलं, आणि आपलं दुकान आवरायला आत वळला.

सकाळी घड्याळवाल्याची कपाटं रिकामी. शटर वर, कुलूप कडीत नुसतं लोंबकळत होतं. पोलिस आले, बघून गेले. कुलूप धड आहे म्हणून त्याच्याकडे कोणी ढुंकूनही पाहिलं नाही. घड्याळवाला तेच कुलूप मुठीत घेऊन काकांकडे आला.

"काका, नवीन द्या. ह्याच्यावरचा विश्वास उडाला."

काकांनी खिळे काढून ते उघडलं. उजेडात धरलं. आतले लिव्हर, म्हणजे चावीने उचलल्या जाणाऱ्या पट्ट्या, आरशासारखे. तारेने किंवा हत्याराने टोचून उघडलेलं कुलूप आतून ओरबाडलेलं असतं, मांजराने पंजा मारल्यासारखं. इथे एक रेघ नव्हती.

"शेठ, हे टोचून उघडलेलं नाही. ह्याच्याच चावीने उघडलंय."

"चाव्या तर दोनच. कंपनीच्या डब्यातून आल्या तेवढ्याच. एक माझ्या कमरेला आणि एक मेव्हण्या..." घड्याळवाला थांबला. चेहरा उतरला. "जाऊ द्या काका. तुम्ही नवीन द्या."

काकांनी नवीन दिलं. आणि मग त्यांनी ते केलं, जे त्यांच्या बापानेही केलं असतं. नवीन कुलूप विकलं की जुनं गिऱ्हाइकासमोर ऐरणीवर ठेवून मोडायचं, म्हणजे जुनी चावी कोणाच्याही हाती असली तरी मेली. ही त्यांच्या धंद्यातली इमानदारी. हातोड्याचे घाव बसले, लिव्हर उडाले, तुकडे भंगाराच्या डब्यात गेले. दुपारी भंगारवाला डबा उलटा करून घेऊन गेला.

संध्याकाळी पोलिस पोराला घेऊन गेले.

का? तर छपाईवाल्याने त्याला कुलूप ओढताना पाहिलं होतं. छपाईवाल्याच्या मनात काही वाईट नव्हतं, हे लक्षात घ्या. त्याला विचारलं, काल संध्याकाळी कुलपाजवळ कोण होतं? त्याने खरं ते सांगितलं. रोजच असतो की हो तो, हे त्याला कोणी विचारलं नाही. आणि कुलूप न तोडता उघडलेलं, पोरगा कुलूपवाल्याचा. संपला तपास! शाबासकीच द्यायला पाहिजे.

सरकारने नेमून दिलेला वकील माणूस वाईट नव्हता. कोर्टाच्या व्हरांड्यातल्या बाकावर, मांडीवर बॅग ठेवून त्याने काकांचं सगळं ऐकून घेतलं. एवढं कोणी ऐकत नाही.

"काका, तुमचं खरं असेल. पण चोर शोधणं आपलं काम नाही. गुन्हा त्यांनी सिद्ध करायचा. आपण फक्त शंका उभी करायची. अंधुक उजेड होता, छपाईवाल्याला चष्मा आहे. बस."

"पण चावीने उघडलंय, साहेब! मी माझ्या डोळ्यांनी आत पाहिलंय."

"पाहिलंत ना? आता विसरा." वकील जवळ सरकला. "चावीने उघडलं म्हणालात की पुढचा प्रश्न तयार आहे. ह्या गल्लीत चाव्या घासून बनवतं कोण?"

काका बाकावरून अर्धे उठले.

"आणि मेव्हणा? घड्याळवाल्याला तरी विचारा की!"

"तो नाही म्हणाला तर? ज्याचं उत्तर मला माहीत नाही तो प्रश्न मी कोर्टात विचारत नाही. माझ्या धंद्यातही काही रीत आहे, काका."

सुनावणीसाठी काकांचा धाकटा भाऊ परदेशातून आला. तिकडे तो एका बेकरीत राबतो. स्वयंपाकघरात तिघं बसली होती. काकू पोराचे कपडे घडी करत होत्या. तुरुंगात न्यायचे ते वेगळे, घरी आल्यावर घालायचे ते वेगळे.

"दादा, आमच्याकडे असं नसतं," धाकटा म्हणाला. "तिकडे चौकशीच जज्ज करतो. कोणाचा वकील काय विचारतो ह्याची वाट बघत बसत नाही. त्याने त्या मेव्हण्याला बोलावलं असतं, चावी टेबलावर ठेवायला लावली असती. तुला म्हणाला असता, बसा, पहिल्यापासून सांगा."

"पहिल्यापासून?" काकूंच्या हातातली घडी थांबली. "मग आपण तिकडेच का नाही जन्मलो हो, भाऊजी?"

धाकटा हसला नाही. "वहिनी, ऐका तरी. माझ्या शेजारच्या भट्टीवरच्या मित्राला धरला होता. तसाच चौकशी करणारा जज्ज. सकाळभर मला विचारलं, पाणी दिलं, मी सगळं सांगितलं. मी बोललो माझ्या शब्दांत, कागदावर उतरलं त्याच्या शब्दांत. त्याच्या मनात पहिल्या दिवशीच बसलं होतं, हाच तो. मग सगळे प्रश्न त्याच एका गल्लीत. आणि खटला उभा राहीपर्यंत मित्र आत. बायको दुसरीकडे राहायला गेली तरी हा आतच. शेवटी सुटला. सुटला म्हणजे काय, बाहेर आला."

"म्हणजे तिकडे एकच माणूस विचारतो," काका म्हणाले, "त्याचं डोकं फिरलं की संपलं. आणि इकडे दोघं विचारतात, पण जिंकायला विचारतात."

"तसंच."

"मग खरं काय झालं, हे कोणाला पाहिजे असतं रे?"

काकूंनी घरी आल्यावर घालायचा सदरा पुन्हा उलगडला आणि पुन्हा त्याची घडी केली.

हे ऐकून शहाणी माणसं चष्मा पुसत म्हणतील, दोन्ही पद्धतींत गुणदोष आहेत. आहेतच की. इकडे सरकारला सिद्ध करावं लागतं, आरोपीला तोंड मिटून बसायचा हक्क असतो, म्हणून कित्येक गरीब वाचलेत. तिकडे विचारणारा इमानदार निघाला तर गरिबाला महागड्या वकिलावाचूनही न्याय मिळतो. सगळं मान्य! पण काकांना गुणदोष नको होते. काकांना पोरगा घरी पाहिजे होता.

साक्षीला काकांना बोलावलं ते सरकारी वकिलाने.

"आरोपी तुमचा मुलगा?"

"हो."

"बंद कुलूप किल्लीशिवाय उघडायची विद्या तुम्ही त्याला शिकवलीत?"

"हो, म्हणजे ज्याची चावी हरवली त्याचं..."

"हो की नाही, एवढंच."

"हो."

"संध्याकाळी लोकांच्या दुकानांची कुलपं ओढायलाही तुम्हीच शिकवलंत?"

काकांनी पोराकडे पाहिलं. पोरगा मान हलवत होता, सांगा बाबा, खरंच तर आहे.

"हो."

"आणि ज्या कुलपावर सगळा पुरावा होता ते तुम्ही हातोड्याने मोडलंत?"

"हो."

खोलीत कुजबुज झाली. पोराचा वकील उठला. जुनं कुलूप मोडणं ही धंद्याची रीत आहे का? हो. झालं, तो बसला. तेवढ्यावर त्याचं समाधान होतं. काकांचं नव्हतं. त्यांनी कठड्याला घट्ट धरलं.

"साहेब, मोडायच्या आधी मी ते उघडून पाहिलं होतं. ते आतून..."

"विचारलं तेवढंच बोला," कारकून म्हणाला.

पण न्यायाधीश पुढे वाकले. वयस्कर बाई होत्या, सकाळपासून पहिल्यांदा त्यांनी काकांकडे माणसाकडे बघावं तसं पाहिलं. पेन खाली ठेवलं.

"आतून काय?" त्यांनी विचारलं.

काकांनी श्वास घेतला. आणि दोन्ही वकील एकाच वेळी उभे राहिले.

"हरकत आहे!" सरकारी वकील म्हणाला, वस्तू कोर्टासमोर नाही, बापाच्या मताला काय किंमत? पोराचा वकील म्हणाला, ह्या उत्तराने माझ्या अशिलाचं नुकसान होईल. अख्ख्या खटल्यात दोघांचं एकमत झालं ते तेवढंच. न्यायाधीशबाईंनी एकाकडे पाहिलं, दुसऱ्याकडे पाहिलं. दोन्ही बाजूंना नको असलेलं उत्तर त्या कशाला घेतील? त्यांनी पेन उचललं.

"ठीक आहे. साक्षीदाराने खाली उतरावं."

काका उतरले. घेतलेला श्वास तसाच छातीत घेऊन उतरले.

निकालपत्रात लिहिलं होतं, की पित्याच्या साक्षीवरून आरोपीची सवय, कौशल्य आणि पुरावा नष्ट होणं, तिन्ही सिद्ध होतात. त्या दिवशी काकूंनी घडी केलेला सदरा पेटीत सगळ्यात खाली ठेवला. वकिलाने व्हरांड्यात काकांचा हात हातात घेतला. "अपील करू. मी तुमच्या भल्यासाठीच उभा राहिलो होतो, काका." खोटं बोलत नव्हता. तेच तर जास्त लागलं.

आता भेटीच्या दिवशी मधे जाळी असते. पोराचे गाल आत गेलेत. स्वतःचं काही सांगत नाही.

"बाबा, गुडघा कसा आहे?"

"चाललाय."

"गल्लीतली कुलपं बघता ना? छपाईवाल्याचं नेहमी अर्धवट राहतं."

"बघतो की," काका म्हणतात.

बघत नाहीत. कोर्टात जे बोलले नाहीत ते खोटं आता लेकाशी बोलतात. संध्याकाळी दोन्ही हात खिशात घालून, मान खाली घालून, गल्लीच्या मधोमध चालत घरी जातात. छपाईवाला त्यांना बघून आत वळतो. त्याचं कुलूप खरंच अर्धवट असतं, कधीकधी.

आणि ऐरण रिकामी आहे. काका आता जुनं कुलूप मोडत नाहीत. गिऱ्हाईक म्हणतं, "काका, मोडा ना, कोणी जुन्या चावीने..." तर काका ते उघडून उजेडात धरतात, आत बघतात, आणि खिळ्याला टांगतात. कोऱ्या चाव्यांच्या भिंतीवर आता ही कुलपं लटकतात, कोणाचा तरी खरेपणा पोटात घेऊन. बोलायचं असतं काकांना. पण समोरचा घाईत असतो, चावी घेतो, निघतो.

तुमच्याही गल्लीत असं एखादं फटीएवढं दुकान असेल. कधी तिथून गेलात तर थांबा. काकांना तेवढंच विचारा, "आतून काय?" आणि मग कृपा करून, ते बोलायचे थांबेपर्यंत मधे कोणी उभं राहू नका.