खालचा आवाज

फेब्रुवारीतला दुसरा रविवार, दर्यापूर. हजर: मुलगी, जावई, मावशी, शेजारच्या चार-पाच बाया आणि मी. जमलो होतो मुलीच्या आईसाठी; त्यांना जाऊन वर्ष झालं होतं. सकाळी पुण्यानुमोदनाची वंदना झाली, जेवणं झाली, भांडी विसळून झाली आणि मग टीव्हीसमोर सतरंजी अंथरली. पेन ड्राइव्ह मी अमरावतीहून आणला होता. एक बिघडला तर दुसरा असावा म्हणून दोन आणले होते.

मी माहितीपटांची संपादक. सुरुवात अकोल्यात लग्नाच्या कॅसेटी जोडण्यापासून केली, पुढे मुंबईत वाहिन्यांची कामं केली, आता अमरावतीला घरूनच करते. चित्रीकरणाला मी जात नाही. माणसं माझ्याकडे ड्राइव्हमधून येतात, महिना-दोन महिने माझ्यासमोर बोलत राहतात, पण त्यांना माझं तोंडही माहीत नसतं. खारपाणपट्ट्यावरच्या माहितीपटात मुलीची आई, या बाई, अशाच आल्या. विहिरीच्या खारट पाण्यात डाळ शिजत नाही म्हणून नव्या सुना कशा लांबून गोडं पाणी आणत, ते त्या ओट्यावर बसून सांगत होत्या. “पोरगी देताना लोक वावर पायतात. पानी पायत नाईत, मंग पोरगी रडते.” मी हे वाक्य पहिल्याच दिवशी बाजूला काढून ठेवलं होतं.

वाहिनीचं म्हणणं पडलं की ही बोली सगळीकडे कळणार नाही. मी पडद्यावर खाली प्रमाण मराठीत ओळी द्या म्हटलं, त्यांनी ऐकलं नाही. पुण्याच्या एका बाईचा आवाज वर बसवायचं ठरलं. या कामाची एक रीत आहे. मूळ माणूस दोन-तीन शब्द बोलतो, मग त्याचा आवाज खाली घ्यायचा आणि वर दुसरा चढवायचा. खाली मूळ आवाज पुसटसा चालू ठेवायचा, म्हणजे बघणाऱ्याला खरं वाटतं. तसं केलं. मुलीनं दिग्दर्शकाकडून माझा नंबर घेऊन माहितीपट मागितला, तेव्हाच फोनवर तिला सांगितलं होतं की आवाज दुसऱ्या बाईचा आहे. ती म्हणाली होती, “चालते ना ताई. आई दिसते तं.”

आई दिसली. बाया सरसावून बसल्या. पडद्यावर आई म्हणाली, “हे पाय बाई, पानी म्हंजे...” आणि वरून स्वच्छ आवाज आला, “पाणी ही आमच्यासाठी रोजची परीक्षा होती.”

“हे कोन बोलून राहिली मधात?” मावशीनं विचारलं.

“टीव्हीवाली बाई व्हय, मावशी,” जावई म्हणाले. “आईचंच सांगून राहिली.”

“तिनं काहून सांगा लागते? आमची बाई मुकी होती का?”

“जितेपनी हिच्यापुढं कोनाचं काही चाललं नाई,” शेजारीण म्हणाली, “अन् आता पाय, कशी गप बसली.”

सगळ्या हसल्या. मुलगीही हसली. आई दुसऱ्यांदा दिसली तेव्हा मात्र कोणी हसलं नाही.

माहितीपट संपला. मुलीनं रिमोट घेऊन मागे नेला. “हे पाय बाई, पानी म्हंजे...” थांबवला. पुन्हा मागे नेला. मग उठून टीव्हीच्या खालच्या कडेला कान लावून बसली.

“ताई, आई खाली बोलून राहिली. मले आयकू येऊन राहिलं. तो खालचा आवाज वर नाई का घेता येत?”

दोन आवाज एकदा एकत्र मिसळले की वेगळे करणं कठीण असतं, असं मी सांगितलं. ती म्हणाली, “मोबाइलवर गान्यातून वाद्यं काढतात नं?” मी म्हटलं, करून बघते. तुमच्याकडे आईच्या आवाजाचं काही नाही का, असं विचारलं. व्हिडिओ बरेच होते, पण एकात लग्नाचा बँड, दुसऱ्यात जयंतीचा डीजे, आणि आई प्रत्येक ठिकाणी पदर तोंडावर धरून हसणारी. तिचं बोलणं म्हणून असं हे एवढंच होतं.

घरी येऊन दुसऱ्याच दिवशी बसले. वाद्यं आणि गळा वेगळा करणारी साधनं दोन बायकांच्या आवाजात गोंधळतात. जे निघालं ते घागरीत तोंड घालून बोलल्यासारखं होतं, मधले शब्द गेलेले. ते काही मी पाठवलं नाही.

मग मूळ चित्रीकरणाच्या मागे लागले. माझ्याकडची प्रत काम संपल्यावर पुसायची आणि ड्राइव्ह निर्मात्यांना परत करायचे, असा करार असतो. मी तसंच करते, नेहमी वेळेवर करते. निर्मात्यांना लिहिलं, आठवण केली, पुन्हा केली. उत्तर आलं की तयार माहितीपट जपून ठेवला आहे, कच्चे ड्राइव्ह पुसून पुढच्या कामाला वापरले. दिग्दर्शकाला फोन केला. त्याला खरंच वाईट वाटलं. “अरे, मला वाटत होतं तुझ्याकडे असेल,” म्हणाला.

त्या बाईंचं बोलणं मला पाठ आहे. ‘पानी म्हंजे’च्या पुढे त्या काय म्हणाल्या, कुठे खोकल्या, कुठे विहिरीकडे बघून थांबल्या, सगळं मी आत्ता लिहून देऊ शकते. पण मुलीनं शब्द मागितलेच नाहीत. शब्द तिलाही माहीत असतील. ती त्याच घरात वाढली.

मधूनमधून तिचा संदेश येतो, “ताई, जमलं का काही?” मी लिहीत होते, प्रयत्न सुरू आहेत. निर्मात्यांचं उत्तर येईपर्यंत ते खरं होतं. आता तसं लिहिता येत नाही, आणि ही गोष्ट संदेशातून सांगण्यासारखीही नाही. ती दवाखान्यात परिचारिका आहे, दुपारी तिची पाळी संपते, तेव्हा फोन केलेला बरा. आज दुपारी करायचा होता. आज अकोल्याच्या कामाच्या फायली गेल्या, वीजबिल भरलं, नवा ड्राइव्ह मागवला. दर्यापूरचा फोन राहिला आहे.