नाडी आणि बांगड्या

माझ्या उजव्या हातात नाडी जवळजवळ लागतच नाही, असं एका यंत्रानं सांगितलं तेव्हा मला भीती वाटली नाही. राग आला. त्याच दुखऱ्या हातानं सकाळी आमच्याकडे उतरणाऱ्या पाहुण्यांच्या खोल्या झाडल्या होत्या, नारळ खवले होते, पंगतीचा भात उपसला होता. आणि हे यंत्र म्हणतं, हातात जीव नाही.

खरं दुखणं कोपराचं होतं. आमच्याकडे दिवेआगरला वाडीतली सुपारी वाळली की ती सोलायला बायका बसतात. एका हातात सुपारी, दुसऱ्या हातात पातं, आणि मनगटाला दिवसभर तोच पीळ. लग्न होऊन आले तेव्हापासून मी हे काम करते आणि मला ते आवडतं. हात चालतात, तोंडंही चालतात, आणि गावातलं कुणीही त्यातून सुटत नाही. पण गेल्या हंगामात कोपराच्या बाहेरच्या हाडाशी असा ठणका लागला, की कळशी सोडाच, चहाचा कप उचलतानाही डोळ्यांत पाणी यायचं.

थोरली जाऊ रोज संध्याकाळी तेल कोमट करून कोपर चोळून द्यायची. आमची दारं शेजारी शेजारी, विहीर एक, वाडी एक. वादळानं वाडी आडवी केली तेव्हा पडलेली झाडं आम्ही दोघींनीच बाजूला ओढली होती. तोंडानं फटकळ पण हातानं मायाळू अशी बाई आहे ती. हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढे मी तिच्याबद्दल फारसं चांगलं लिहिणार नाही.

तेलानं भागेना, तेव्हा तीच मला एसटीनं श्रीवर्धनला घेऊन गेली. तिथल्या डॉक्टर मॅडमनी कोपर दाबून बघितलं, मी किंचाळले, आणि त्या म्हणाल्या, "काकू, हा टेनिस एल्बो." मी म्हटलं, "मॅडम, टेनिस राहू दे, मला लगोरीतसुद्धा कुणी घेत नव्हतं." त्या हसल्या आणि त्यांनी कोपऱ्यातलं मशीन दाखवलं. त्याला पिस्तुलासारखी एक मूठ होती. हवेच्या दाबानं आतली गोळी भराभर आपटते आणि तिचे धक्के कातडीपासून पसरत दुखऱ्या जागेत जातात, असं त्यांनी समजावलं. शेजारच्या घरात मसाला कुटत असले की आपल्या भिंतीला हात लावल्यावर जसं जाणवतं, तसं काहीतरी असावं असं मी मनाशी धरलं.

पण पन्नाशीच्या पुढच्या माणसाला हे धक्के देण्याआधी हातात रक्त नीट फिरतंय का, हे त्या बघून घेत. त्यासाठी दुसरं यंत्र होतं. पेन्सिलीएवढी दांडी मनगटाच्या नाडीवर टेकवायची, की पडद्यावर नाडीची लाट उमटते. माझ्या आधीच्या म्हाताऱ्याची लाट मी बघितली. उभी चढण, मग उतार, आणि उतारावर एक लहानशी उसळी. बघत राहावं अशी.

माझी पाळी आली. मदतनीस बाई म्हणाल्या, "बांगड्या काढा, नाहीतर वर घ्या." मी वर घेतल्या. सुपारी सोलताना बांगड्या मध्ये येऊ नयेत, फुटू नयेत, म्हणून आम्ही सगळ्याच त्या कोपराकडे सारतो आणि वरून फडकं आवळून बांधतो. हात आपोआप तसाच चालला. बांगड्या सारल्या, रुमाल काढला, दातांनी गाठ आवळली, त्यावरून पदर घेतला आणि मनगट पुढे केलं.

पडद्यावर काहीच वर येईना. नुसती एक रेघ, तिच्यावर कुठेतरी बारीक लव. मदतनीस बाईंनी दांडी हलवून बघितली, पुन्हा दाबली. मॅडमनी छापलेला कागद बघितला आणि त्यांचा चेहरा बदलला. "काकू, या हाताची लाट फार दबलेली आहे. आधी अलिबागला जाऊन रक्तवाहिन्यांची तपासणी करून या. तोवर मी मशीन लावणार नाही."

परतीच्या एसटीत जावेनं दोघींची तिकिटं काढली. मग म्हणाली, "तरी मी तुला सांगत व्हते गो."

काय सांगत होती ते मला न विचारताच कळलं. माझे मिस्टर वादळाच्या पुढच्या वर्षी गेले. बाहेर त्यांना उचलायची तयारी चालली होती आणि आत बायका माझ्याभोवती जमल्या. जावेनं माझा हात धरला आणि बांगड्या फोडायला पाट्यावर टेकवला. मी तो हिसडून मागे घेतला. "ते गेले, माझे हात गेले नाहीत," असं मी ओरडले, आणि ते अंगणापर्यंत ऐकू गेलं म्हणतात. जाऊ दे ऐकू. हिरव्या बांगड्या मला लहानपणापासून आवडतात. त्या मला नवऱ्यानं दिल्या नव्हत्या, मग त्याच्याबरोबर का जाव्यात?

बांगड्या फुटल्या नाहीत, पण गावानं आपलं म्हणणं दुसऱ्या वाटेनं वसूल केलं. हळदीकुंकवाची बोलावणी माझ्या दारावरून पुढे जाऊ लागली. म्हसळ्याहून बांगडीवाली चाची येते, आमच्याच पडवीत बसून आळीतल्या बायकांना बांगड्या भरते. ती माझा हात घेईना. मी समोर उभी राहिले, की ती टोपलीत काहीतरी शोधायला लागे. मग मी दुकानातून बांगड्यांचा डबा आणू लागले, अंदाजानं. कामानं हात जाड झालेला, डबा जुन्या मापाचा. हाताला साबण लावून, वर प्लास्टिकची पिशवी चढवून, दात ओठ खाऊन मी त्या घालायची. रक्त निघालं तरी घालायची. हौस होतीच, पण खरं सांगायचं तर हौसेपेक्षा चीड जास्त होती.

आणि आता या हाताची नाडी दबली. बातमी आमच्या आधी गावात पोचली असावी, कारण दुसऱ्या दिवशी सुपारी सोलायला बसलेल्या बायका मला बघून एकदम गप्प झाल्या. एकीला राहवलं नाही. "न्हाय घालायच्या त्या घातल्या की असं व्हतंय," ती सुपारीलाच म्हणाली. मी म्हटलं, "कावळा बसायला आणि फांदी मोडायला गाठ पडली, इतकंच." पण आतून मी हादरले होते. अलिबागचा कागद वाईट आला असता तर कोपराचं जे व्हायचं ते झालं असतं, पण गावाला पुरावा मिळाला असता. माझ्यानंतर जिचा कुणाचा नवरा जाईल, तिचा हात पाट्यावर टेकवताना माझं नाव घेतलं गेलं असतं. हे मला सहन होण्यासारखं नव्हतं.

संध्याकाळी जाऊ तेल घेऊन आली. चोळता चोळता म्हणाली, "आता तरी उतरव. देवीपुढं ठेव, माफी माग. हात राह्यला तर पोट हाय."

"हात झडला तर झडू दे," मी म्हटलं. "दुसऱ्या हातात दुप्पट घालीन."

"मोडशील, पन वाकायची न्हायस तू."

"व्हय. न्हाय वाकायची."

ती तेलाची वाटी तिथेच ठेवून निघून गेली. पण मी अलिबागऐवजी पुन्हा श्रीवर्धनला निघाले तेव्हा ही बाई चपला घालून पुढच्या दारात उभी होतीच. भांडायचं असलं तरी सोबत सोडायची नाही, अशी आमच्याकडची रीत.

मॅडमना मी सरळ सांगितलं, "मला तुमचं यंत्र पटलेलं नाही. पुन्हा बघा." मला वाटलं होतं त्या चिडतील. त्या चिडल्या नाहीत. त्यांनी माझं मनगट हातात घेतलं, बांगड्यांखाली बोटं सरकवली आणि डोळे मिटून थांबल्या. "नाडी तर ठणठणीत लागतेय," त्या म्हणाल्या. "चला, माझ्यासमोर मोजू." मी खुर्चीवर बसले, बांगड्या कोपराकडे सारल्या, रुमाल काढला, गाठीसाठी दातांत धरला.

"थांबा, थांबा! हे काय करताय?"

"बांगड्या वर घेतेय. मागच्या वेळी घेतल्या तशा."

मॅडमनी रुमाल बाजूला केला. सारलेल्या बांगड्या मांसात रुतून बसल्या होत्या, मध्ये कातडी वर आली होती. त्यांनी कपाळाला हात लावला. "अहो काकू, एवढं आवळल्यावर खाली मनगटापर्यंत लाट पोचणार कशी? काम करतानाही असंच बांधता? मग मुंग्या येत असतील." येत होत्याच. मला वाटायचं सगळ्यांनाच येतात.

म्हणजे या खेपेला फांदी कावळ्यानंच मोडली होती. माझ्या बांगड्यांनीच माझी नाडी दाबली होती, आणि ते ऐकायला जाऊ शेजारच्या स्टुलावर बसली होती. तिच्याकडे बघायचं मला धाडस होईना.

मॅडम म्हणाल्या, "काढून मोजू या." कुणीतरी पातळ साबणाची बाटली आणली. जाऊ उठली, तिनं माझ्या हाताकडे हात नेला. "आन, मी काढते."

"वयनी, तू थांब," मी म्हटलं. "माझ्या मी काढीन." आवाज चढला असावा, कारण बाहेरच्या बाकावरची माणसं डोकावली. साबण लावून मी एकेक बांगडी काढली. अख्खी. मॅडमच्या टेबलावर त्यांच्या कागदांशेजारी रांगेनं ठेवली. हात उघडा झाला, आणि कबूल करते, मला फार वाईट वाटलं. इतक्या वर्षांत माझा हात असा पूर्ण मोकळा मी पाहिलाच नव्हता.

मग दांडी टेकली आणि पडद्यावर लाट उठली. उभी चढण, उतार, उतारावर ती लहानशी उसळी. एकामागून एक, थांबायचं नावच नाही. मी मोठ्यानं हसले. "बघ वयनी," मी म्हटलं. "बघ, कुणाचा हात सुकलाय तो." आणि खुर्चीवरून उठायच्या आधी तोच साबण लावून बांगड्या पुन्हा चढवायला लागले.

मॅडम म्हणाल्या, "या मापाच्या नकोत, काकू. सैल घाला नाहीतर घालू नका. हाताला दोन्ही चालतं."

हाताला दोन्ही चालतं, हे वाक्य आमच्या पडवीच्या भिंतीवर रंगवून घ्यावं असं मला वाटलं. त्या दिवशी मी अर्ध्याच बांगड्या घातल्या, बाकीच्या पिशवीत टाकल्या. मशीनचा पहिला मारा तिथेच बसला. दुखलं, भरपूर दुखलं. दर धक्क्याला मनगटातल्या काचा किणकिणत होत्या आणि मला ते मनापासून आवडत होतं.

एसटीत जाऊ म्हणाली, "म्हंजे शेवटी बांगड्यांनीच झालं ना?"

"घट्ट बांगड्यांनी झालं. आणि घट्ट का झाल्या, ते तुला ठाऊक आहे. चाचीला माझा हात घेऊ नको म्हणून घरातलंच कुणीतरी बोललं असणार. ती परकी बाई, तिला काय पडलंय?"

तिनं तोंड खिडकीकडे फिरवलं. गाव आल्यावर माझी वाट न बघता ती चालू लागली. तेल मात्र आलं त्या संध्याकाळी.

कोपर हळूहळू सुधारलं. मारा घेऊन आलं की दोन दिवस जास्त दुखायचं, मग उतरायचं. श्रावणाच्या तोंडावर मी भरली कळशी उजव्या हातानं उचलली आणि मुद्दाम सगळ्यांच्या दारांवरून फिरून घरी नेली.

त्याच आठवड्यात चाची आली. पडवीत टोपली उघडली, आळीतल्या बायका जमल्या. जावेचे हात भरून झाले. मी दारात उभी होते, आत जायला निघाले होते, तेवढ्यात जाऊ म्हणाली, "चाची, हिचा हात घे."

चाची गोंधळली. "भाभी, पण तुम्हीच तर मला..."

"मीच बोल्ले व्हते. आता बी मीच बोल्तेय. नीट माप घे." तिनं जमलेल्या बायकांकडे एकदा बघितलं आणि घाईनं पुढे म्हणाली, "डॉक्टरनीनं सांगितलंय. तिच्या हाताला सैल बांगड्या पायजेत. औषध हाय ते."

बायकांनी माना डोलावल्या. औषध म्हटल्यावर कुणाची हरकत राहिली नाही. जाऊ माझ्याकडे बघत होती. तिनं एवढी सोय करून दिली होती, मला फक्त खाली बसायचं होतं. आणि औषध म्हणून बसले असते, तर माझ्यानंतर नवरा जाईल त्या बाईला बांगड्यांसाठी आधी कोपर दुखवून घ्यावं लागलं असतं.

मी बसले. हात पुढे केला. आणि म्हटलं, "डॉक्टरनं औषध म्हणून सांगितलेलं नाही. मला हव्यात, म्हणून भर."

चाचीनं माझं मनगट धरलं, पण बांगडी उचलली नाही. ती जावेच्या तोंडाकडे बघत राहिली.

जावेच्या ओठांची हालचाल मला दिसली, आवाज यायला वेळ लागला. "ऐकलंस न्हवं?" ती चाचीला म्हणाली. "तिला हव्यात. भर."